काळ्या मातीतल्या झाडांना पाणी: किती दिवसांनी आणि किती वेळ

झाडांना पाणी किती दिवसांनी द्यावे आणि एका वेळी किती वेळ द्यावे, याचे सरसकट उत्तर खानदेशात देता येत नाही. रावेर-यावलकडची तापीकाठची खोल काळी जमीन, साक्रीकडची मुरमाड बरड आणि भुसावळातील एखाद्या गच्चीवरची दहा इंची कुंडी यांची ओल धरून ठेवण्याची ताकद फार वेगवेगळी असते. शिवाय जे झाड पौषात आठवडाभर पाण्याविना सुखाने उभे राहते, तेच वैशाखात तिसऱ्या-चौथ्या दिवशी पाणी मागते. म्हणून "रोज संध्याकाळी दहा मिनिटे" असा नियम बांधून घेण्यापेक्षा पाणी किती खोल गेले पाहिजे आणि तेथवर पोचेल इतके पाणी सोडायला आपल्या नळीला किती वेळ लागतो, हे एकदा मोजून घेणे अधिक उपयोगाचे ठरते. पुढची पाळी कधी, हे त्यानंतर मातीत हात घालून ठरवता येते.

परसबागेत सर्वाधिक आढळणारी सवय म्हणजे हातात नळी धरून रोज थोडे थोडे पाणी शिंपडणे. त्यात जमिनीचा वरचा दोन बोटांचा थर तेवढा भिजतो, खालची माती कोरडीठाक राहते, मुळे ओलीच्या मागे वरच्या वर पसरतात आणि मे महिन्यात नेमका हाच थर सर्वांत आधी तापतो. अशा झाडाला एक दिवस पाणी चुकले तरी ते कोमेजते, आणि मग घरातले म्हणतात की याला रोजच पाणी लागते. लागत नसते, तशी सवय लावलेली असते. ही सवय मोडायची तर एकदम पाणी तोडू नये. दोन-तीन आठवड्यांत पाळ्यांमधले अंतर एकेका दिवसाने वाढवावे आणि प्रत्येक पाळीला पाणी मात्र पोटभर द्यावे.

ओल हाताने कशी ओळखावी

पाणी देण्याआधी झाडाच्या बुंध्यापासून थोडे दूर खुरप्याने चार ते सहा इंच खोल उकरावे आणि तेथील मूठभर माती हातात घेऊन दाबावी. काळी माती तळहाताला चिकटत असेल आणि अंगठा व तर्जनी यांच्यात दाबल्यावर तिची चकचकीत पट्टी निघत असेल, तर अजून पाणी तर नकोच, पण त्या वाफ्यात पायही घालू नये, कारण ओल्या काळ्या मातीवर चालल्याने ती घट्ट दबते आणि पुढच्या वेळी पाणी आत शिरत नाही. मातीचा गोळा होत असेल, तो कमरेच्या उंचीवरून सोडल्यावर दोन-चार तुकडे होऊन फुटत असेल आणि हात ओलसर पण स्वच्छ राहत असेल, तर जमीन वाफशावर आहे, म्हणजे मुळांना पाणी आणि हवा दोन्ही मिळत आहेत. गोळा जेमतेम होऊन बोटांतच भुगा होऊ लागला की पाण्याची पाळी आली, असे समजावे. बरड जमिनीत पट्टी कधीच निघत नाही; तेथे दाबलेली माती क्षणभर एकत्र राहते का आणि हाताला गार लागते का, एवढेच पाहावे.

पृष्ठभागावर भेगा दिसू लागेपर्यंत थांबणे म्हणजे उशीर करणे होय. काळी माती सुकताना आक्रसते, भेगांमध्ये बारीक मुळे तुटतात आणि नंतर दिलेले पाणी सरळ भेगेतून खोल निघून जाते, त्यामुळे वाफा भरल्यासारखा दिसतो पण दोन भेगांमधले ढेकूळ आतून कोरडेच राहते. भेगा पडल्याच असतील तर आधी हलकी खुरपणी करून त्या भुसभुशीत मातीने बुजवाव्यात आणि मगच पाणी सोडावे. वाफशावर केलेली अशी खुरपणी एरवीही फायद्याचीच असते, कारण वरचा मोकळा थर खालची ओल झाकून ठेवतो.

दुपारी पाने लोंबली म्हणून लगेच पाणी द्यायला धावू नये, हे विशेष सांगावेसे वाटते. भरिताच्या वांग्याची रुंद पाने पाहा. एप्रिलमधल्या दुपारी एक-दोनच्या सुमारास ती कडेने मऊ पडतात, देठ खाली झुकतो आणि सारे झाड पाण्यावाचून मरायला टेकल्यासारखे दिसते. खाली मात्र चार इंचांवर माती गार आणि ओली असते. पानांतून उडून जाणारे पाणी त्या दोन-तीन तासांत मुळांच्या ओढीपेक्षा जास्त असते, एवढाच त्याचा अर्थ. भोपळा, दोडका, जास्वंद यांचेही तसेच. झाडाची परीक्षा सकाळी सूर्य वर येण्यापूर्वी करावी. रात्रभर विसावूनही पाने लोंबतच असतील तर मुळांकडे गडबड आहे हे नक्की. पण ती गडबड कोरडेपणाचीच असेल असे नाही. काळ्या जमिनीत सतत पाणी साचल्यानेही मुळे गुदमरतात, कुजतात आणि वरून झाड तहानल्यासारखेच दिसते. अशा झाडाला आणखी पाणी घालणे म्हणजे आगीत तेल ओतणे आहे. खुरप्याने उकरून पाहणे हाच या दोहोंतला फरक ओळखण्याचा भरवशाचा उपाय आहे.

हिशेब: दिवस आणि मिनिटे

एक चौरस मीटर जागेवर एक लिटर पाणी पसरले की ते एक मिलिमीटर उंचीचे होते. पावसाची मोजणीही मिलिमीटरमध्येच होत असल्याने हे एकक परसबागेलाही सोयीचे पडते. चांगली काळी माती दर सेंटिमीटर खोलीला झाडाला घेता येईल असे साधारण दीड ते दोन मिलिमीटर पाणी धरते. भाजीपाल्याची बहुतेक कामाची मुळे वरच्या एक फुटात, म्हणजे ३० सेंटिमीटरमध्ये असतात. तेवढ्या थरात ४५ ते ६० मिलिमीटर पाणी मावते आणि त्यातले निम्मे संपेपर्यंत झाडाला ताण जाणवत नाही. म्हणजे एका पाळीत २२ ते ३० मिलिमीटर पाणी भरून काढायचे असते. वाढ झालेल्या, जमीन झाकून टाकलेल्या पिकाला आपल्याकडच्या मे महिन्यात दिवसाला साधारण ८ मिलिमीटर पाणी लागते, तर डिसेंबर-जानेवारीत साधारण ४ मिलिमीटर. भागाकार केला की उन्हाळ्यात तीन ते चार दिवसांनी आणि हिवाळ्यात सहा-सात दिवसांनी पाळी येते. मुरमाड बरड याच्या निम्म्याहूनही कमी ओल धरते, म्हणून तेथे उन्हाळ्यात एक-दीड दिवसाने आणि हिवाळ्यात तीन दिवसांनी, पण दर वेळी १२ मिलिमीटरच्या आसपासच पाणी द्यावे लागते. बरड जमिनीत एका वेळी जास्त ओतलेले पाणी मुळांखाली वाहून जाते आणि सोबत खतही नेते. हे आकडे सुरुवातीच्या अंदाजासाठी आहेत. अखेरचा निर्णय खुरप्यानेच घ्यावा. नुकतेच लावलेले, जमीन झाकू न शकलेले रोप एवढे पाणी ओढत नाही, पण त्याची मुळे उथळ असल्याने त्याला कमी पाणी लवकर लवकर लागते.

आता मिनिटांकडे वळू. आपली नळी पंधरा लिटरच्या बादलीत सोडावी आणि बादली भरायला लागणारा वेळ घड्याळावर पाहावा. समजा, एक मिनिट लागले. दोन मीटर रुंद आणि तीन मीटर लांब वाफ्याचे क्षेत्र सहा चौरस मीटर होते. त्याला ३० मिलिमीटर द्यायचे तर १८० लिटर पाणी हवे, म्हणजे बारा मिनिटे नळी चालली पाहिजे. तेवढ्याच बरड वाफ्याला ७२ लिटर, म्हणजे पाच मिनिटे पुरतात. गच्चीवरची टाकी भरलेली असताना नळीचा जोर वेगळा, टाकी अर्धी झाली की वेगळा आणि थेट मोटारीवर तर आणखीच वेगळा असतो, म्हणून ही बादलीची मोजणी प्रत्येक सोयीसाठी स्वतंत्र करून ठेवावी.

काळी माती पाणी सावकाश पिते. भिजल्यावर तर तिच्यात तासाला काही मिलिमीटरच पाणी मुरते. त्यामुळे बारा मिनिटांचे पाणी एका दमात दिल्यास ते वाफ्याच्या कडा ओलांडून वाहू लागते आणि पाहणाऱ्याला वाटते की जमीन भरली. यासाठी वाफा सपाट असावा, त्याच्या कडेचे वरंबे चार-पाच बोटे उंच असावेत आणि पाणी दोन हप्त्यांत द्यावे: सहा मिनिटे दिल्यावर तासभर थांबावे, तेवढ्यात दुसरा वाफा भरावा आणि मग परत येऊन उरलेली सहा मिनिटे पूर्ण करावीत. दारे धरणाऱ्या माणसाला हे सांगावे लागत नाही. धुळे जिल्ह्यात पांझरेवरच्या जुन्या फड पद्धतीत, म्हणजे बंधाऱ्याचे पाणी सामाईकपणे वाटून घेण्याच्या रीतीत, हेच काम पाटाचे पाणी फिरवणाऱ्या पाटकऱ्याकडे असे आणि शेतकरी स्वतः बारे न मोडता, म्हणजे पाण्याची वाट न फोडता, त्याच्यावर विसंबून राहत, कारण कोणत्या वावराची तहान किती हे रोज पाणी फिरवणाऱ्यालाच कळते. घरच्या बागेतही पाणी देण्याचे काम शक्यतो एकाच माणसाकडे असावे. सकाळी आजोबांनी आणि संध्याकाळी नातवाने प्रेमाने घातलेल्या पाण्याने जितकी तुळस कुजते तितकी विसरण्याने सुकत नाही.

पाणी पुरेसे खोल गेले का, हे दुसऱ्या दिवशी पाहावे. बोटाएवढ्या जाडीची लोखंडी सळई हाताने जमिनीत दाबावी. ओल्या मातीत ती सहज जाते आणि कोरडा थर लागला की अडते. भाजीच्या वाफ्यात ती फूटभर गेली पाहिजे. सहा इंचांवरच अडली तर पुढच्या पाळीला वेळ वाढवावा, दिवस कमी करू नयेत.

वेळ कोणती

उन्हाळ्यात पहाटेपासून सकाळी आठपर्यंतची वेळ सर्वांत चांगली, कारण माती रात्रभर निवालेली असते, वारा कमी असतो आणि पाणी उडून जाण्याआधी मुरते. शेतीपंपाची लाईट किंवा नगरपालिकेचा नळ आपल्या सोयीने येत नाही, हे खरे आहे. अशा वेळी संध्याकाळी ऊन उतरल्यावर पाणी देण्यात काही बिघडत नाही. भर दुपारी दिल्यास थेंबांमुळे पाने जळतात असे अनेक जण सांगतात, त्यात तथ्य नाही, पण दुसरा धोका खरा आहे: उन्हात पडलेल्या काळ्या नळीतले पहिले पाणी हात भाजेल इतके तापलेले असते. ते बादलीत काढून निवू द्यावे, रोपांवर सोडू नये.

हिवाळ्यात याउलट, सकाळी ऊन पडल्यावर पाणी द्यावे आणि पानांवर शक्यतो मारू नये, कारण रात्रभर ओली राहिलेली पाने बुरशीला आमंत्रण देतात. कडाक्याची थंडी पडून किमान तापमान दहा अंशांच्या बरेच खाली घसरते तेव्हा मात्र केळीच्या बागायतदारांची रीत वेगळी असते. ते रात्री किंवा पहाटे विहिरीचे पाणी सोडतात, कारण जमिनीतले पाणी हवेपेक्षा उबदार असते आणि ओली जमीन कोरडीपेक्षा सावकाश निवते. परसातल्या पपई-केळीलाही त्या दिवसांत हा उपाय करता येतो.

कुंड्या

कुंडीतल्या झाडाला खालच्या थरातली ओल शोधायला जागा नसते आणि तापलेल्या सिमेंटच्या गच्चीची धग बुडातून लागते, म्हणून वर दिलेला दिवसांचा हिशेब कुंडीला लागू होत नाही. मे महिन्यात उन्हातल्या आठ-दहा इंची कुंडीला सकाळ-संध्याकाळ पाणी लागू शकते. तीच कुंडी जानेवारीत दोन-तीन दिवस सहज काढते. मातीची कुंडी अंगातून पाणी सोडते, त्यामुळे प्लॅस्टिकपेक्षा लवकर सुकते, पण मुळे गार ठेवते. कोरफड आणि अडेनियम यांना उन्हाळ्यातही माती पूर्ण सुकल्याशिवाय पाणी देऊ नये.

पाणी बुडाच्या छिद्रातून बाहेर येईपर्यंत द्यावे, इतका नियम पुरेसा आहे. तो फसतो तो फक्त कोकोपीट, म्हणजे नारळाच्या काथ्याचा भुसा, जास्त असलेल्या कुंडीत. कोकोपीट एकदा पूर्ण सुकले की आक्रसून कुंडीच्या कडेपासून सुटते, घातलेले पाणी त्या फटीतून सरळ खाली येते आणि छिद्रातून धार लागली म्हणून आपण निर्धास्त होतो, गोळा मात्र आत कोरडाच असतो. कुंडी उचलून पाहावी. हलकी लागली तर ती पाण्याच्या टबात अर्धा तास बसवावी, बुडबुडे यायचे थांबले की बाहेर काढून निथळू द्यावी. कुंडीखालच्या ताटलीत साचलेले पाणी ओतून टाकावे. त्यात मुळेही कुजतात आणि डेंग्यूचे डासही होतात. बोअरचे जड पाणी वापरणाऱ्यांच्या कुंड्यांवर पांढरा थर चढतो, तो क्षारांचा असतो. पहिल्या चांगल्या पावसात अशा कुंड्या उघड्यावर ठेवल्या की क्षार धुऊन जातात.

फळझाडे, आणि मुद्दाम दिलेला ताण

झाड मोठे झाले की पाणी बुंध्याशी घालण्यात अर्थ नसतो. पाणी पिणारी बारीक मुळे फांद्यांच्या टोकाखाली पसरलेली असतात, म्हणून आळे तेथपर्यंत वाढवावे. कागदी लिंबाला तर दुहेरी आळे करावे, म्हणजे बुंध्याभोवती मातीची भर घालून आतले वर्तुळ कोरडे ठेवावे आणि पाणी बाहेरच्या वर्तुळात सोडावे. बुंधा सतत ओला राहिल्यास डिंक्या रोग होतो. तीन मीटर घेराच्या, म्हणजे आडव्या मापाने तीन मीटर पसरलेल्या लिंबाला काळ्या जमिनीत उन्हाळ्यात सहा-सात दिवसांनी दोनशे लिटरच्या आसपास पाणी पुरते. नुकत्याच लावलेल्या कलमाला पहिला आठवडा रोज थोडे, मग हळूहळू अंतर वाढवत आठवड्यातून दोनदा दहा-पंधरा लिटर द्यावे. कलमाशेजारी बुडाला बारीक छिद्र पाडून वात लावलेले मडके गळ्यापर्यंत पुरून भरून ठेवले, तर हेच पाणी मुळांपाशी झिरपत राहते.

काही झाडांना पाणी तोडणे हाच उपचाराचा भाग असतो. आंब्याला पावसाळ्यानंतर मोहोर येईपर्यंत पाणी दिले की पालवी फुटते आणि मोहोर मागे पडतो. फळे वाटाण्याएवढी झाल्यावर पाणी सुरू करावे. मोगऱ्याचे पाणी डिसेंबर-जानेवारीत कमी करून छाटणी केली आणि फेब्रुवारीत पुन्हा भरपूर पाणी दिले की उन्हाळ्यात कळ्या भरून येतात. बोगनवेलही थोड्या ताणावरच बहरते. टोमॅटोशी मात्र हा खेळ करू नये. कधी कोरडे तर कधी चिंब अशा पाण्याने त्याची फळे तडकतात आणि बुडाशी काळी पडतात.

ठिबक असेल तर

ठिबकचा हिशेब वेगळा आहे, कारण त्यात जमिनीचा लहानसा भागच ओला होतो आणि त्या भागातली ओल लवकर संपते. म्हणून तेथे रोज किंवा एक दिवसाआड पाणी देणेच योग्य ठरते. पाच बाय पाच फुटांवर लावलेल्या, पूर्ण वाढलेल्या केळीला सव्वादोन चौरस मीटर जागा मिळते. मे महिन्यात तिला दिवसाला १८ लिटर लागतात आणि ताशी चार लिटरचे दोन ड्रिपर असतील तर सव्वादोन तास संच चालवावा लागतो. हिवाळ्यात नऊ लिटर, म्हणजे सव्वा तासाच्या आत काम होते. टाकीच्या पाण्यावर चालणाऱ्या घरगुती संचात दाब कमी असल्याने ड्रिपरवर छापलेले माप भरत नाही. ड्रिपरखाली पंधरा मिनिटे वाटी ठेवावी, जमलेले पाणी मोजून चारने गुणावे आणि तोच आकडा खरा धरावा. सर्वांत जवळच्या आणि सर्वांत टोकाच्या ड्रिपरची वाटी वेगळी भरत असेल तर नळ्यांचे शेवट उघडून गाळ वाहू द्यावा.

पावसाळ्यात आणि गावाला जाताना

पाऊस पडला म्हणून पाळी टाळण्याआधी किती पडला ते पाहावे. सरळ भिंतीचे एखादे भांडे उघड्यावर ठेवले की पट्टीने मोजता येते. पाच मिलिमीटरच्या सरीने जेमतेम दोन बोटे माती भिजते. आठ-दहा दिवसांचा खंड पडला तर गच्चीवरच्या कुंड्या श्रावणातही सुकतात, आणि ओट्याच्या छपराखालच्या कुंड्यांना तर पाऊस मिळतच नाही. उलट संततधारेत काळ्या वाफ्याच्या उताराकडच्या वरंब्याला तोंड करून पाणी काढून द्यावे लागते.

लग्नसराईत किंवा सुटीत आठवडाभर घर बंद राहणार असेल तर निघण्याच्या आदल्या संध्याकाळी सगळे वाफे दोन हप्त्यांत पूर्ण भरावेत आणि सकाळी त्यांवर गव्हाचे काड किंवा केळीची वाळलेली पाने तीन-चार बोटे जाडीने पसरावीत. वाळवीचा उपद्रव असलेल्या जागी आच्छादन बुंध्यापासून वीतभर दूर ठेवावे. कुंड्या एकमेकींना चिकटवून उत्तरेच्या किंवा पूर्वेच्या भिंतीच्या सावलीत आणाव्यात आणि पाण्याने भरलेल्या झाकणाच्या बादलीतून जाड सुती दोरीचे एक टोक बादलीच्या तळाशी व दुसरे कुंडीच्या मातीत तीन इंच खोल असे सोडावे. बादली कुंडीपेक्षा थोडी उंच असावी आणि दोरी आधी पूर्ण भिजवून घ्यावी, नाहीतर पाणी चढत नाही. ही जोडणी निघण्याच्या दोन दिवस आधी करून पाहावी. परत आल्यावर सुकलेल्या कुंडीवर एकदम बादली ओतू नये. ती सावलीतच ठेवून टबात भिजवावी आणि दोन दिवसांनी उन्हात न्यावी.